तिसऱ्या खुर्चीचा सूर

"बिनदांड्याचा प्लंजर मिळेल का?"

धाकटीने हातातलं वॉशरचं पाकीट खाली ठेवलं आणि मान वर केली. नळाच्या सामानाच्या दुकानात लोक काय वाट्टेल ते मागतात. कुणी तुटक्या चावीचा अर्धा तुकडा पुढे करून 'याचा जोडीदार द्या' म्हणतं, कुणी हवेत हात फिरवून 'असं असं वळणारं ते' मागतं. पण तुंबलेलं बेसिन मोकळं करायचा रबरी प्लंजर, आणि तोही बिनदांड्याचा? मग माणूस धरणार काय, कपाळ?

गिऱ्हाईक उंच होतं. दारात टांगलेले शॉवर चुकवायला वाकावं लागावं इतकं उंच. बाहेर भुरभुर चालली होती, तिचे थेंब अजून त्याच्या केसांवर होते. आणि हात तर विचारूच नका... शर्टाच्या बाह्या मनगटाच्या कितीतरी अलीकडेच हार मानून थांबलेल्या.

"दांडा काढून देता येईल," ती म्हणाली. "पण वापरणार कसा?"

"तोंडाला लावून."

धाकटीने हळूच मागे पाहिलं. बाबा गोदामात पाइप मोजत होते. हाकेच्या अंतरावर होते, तेवढाच धीर.

"तोंडाला," ती सावकाश म्हणाली.

"म्हणजे — माझ्या नाही हो. वाद्याच्या तोंडाला. मी ट्रॉम्बोन वाजवतो." एवढं सांगून त्याने तारेला लटकवलेले प्लंजर एकेक करून खाली घेतले, आपल्या ओठांसमोर धरले आणि उघडझाप करत "वा... वा... वॉव..." असा आवाज काढून बघायला लागला. डोळे मिटून. भर दुकानात. "हा कडक आहे. हा मुकाच आहे. हा मात्र... हा बोलतो."

"प्लंजर बोलतो?"

"चांगला असला तर रडतोसुद्धा."

"आमच्याकडे प्लंजर न्यायला येतात ना, ती गिऱ्हाइकंच रडत असतात," धाकटी म्हणाली.

तो हसला. मोठ्याने नाही, पण सगळ्या अंगाने. दारातला एक शॉवर त्याच्या डोक्याला लागून हलला. धाकटीने पटकन स्क्रू-ड्रायव्हर शोधायला ड्रॉवर उघडला, आणि स्क्रू-ड्रायव्हर समोर गल्ल्यावरच होता हे तिला नंतर दिसलं.

धाकटी ही त्या घरातली दुसरी मुलगी. थोरलीचं लग्न होऊन ती दूर गेली, आई लवकर गेली, आणि दुकान बाबा आणि धाकटी मिळून चालवत. मोहल्ल्यात कुणाचा नळ गळला की 'धाकटीला विचारा' असं म्हणायची पद्धत पडली होती. तिला स्वतःला काही हवं आहे का, हे मात्र बरेच दिवस कुणी विचारलं नव्हतं. तिनेही नाही.

दुसऱ्या आठवड्यात तो परत आला. प्लंजर घ्यायला.

"आधीचा?" तिने विचारलं.

"तो... शेजाऱ्याला दिला. आमच्या रांगेत चौघं आहोत. त्याला आवडला."

तिसऱ्या आठवड्यात तो आणखी एक घेऊन गेला. तो गेल्यावर बाबा गोदामातून बाहेर आले, चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, "या माणसाच्या घरी मोऱ्या आहेत तरी किती?"

"वाद्याला लागतात, बाबा."

"अस्सं. वाद्याला लागतात." बाबांनी चष्मा परत नाकावर घेतला. "मग आणखी दोन डझन मागवून ठेवू का?"

धाकटीचे कान तापले. ती उगीचच एल्बो आणि कपलिंग वेगळे करत बसली. ते आधीच वेगळे होते.

त्याला बँडमध्ये सगळे लंब्या म्हणत. त्या मोसमात त्यांचा बँड स्टेशनजवळच्या जुन्या हॉटेलात वाजवायला आला होता. रविवारी दुपारी चारला हॉलचे पडदे वर होत, लोक जोडीजोडीने नाचायला येत. चौथ्या खेपेला लंब्या प्लंजर न घेताच म्हणाला, "एकदा ऐकायला या ना. म्हणजे — तुम्हाला कळेल तरी, तुमच्या मालाचं काय होतं ते."

"मालाची चौकशी करायला येईन," धाकटी म्हणाली. पण रविवारी निघताना तिने तीन वेळा केस बांधून सोडले.

हॉल उजेडाने भरला होता. स्टेजवर पुढे सॅक्सोफोनची रांग, सगळ्यात मागे ट्रम्पेटची, आणि मधल्या रांगेत चार ट्रॉम्बोन. लंब्या तिसऱ्या खुर्चीवर. चौघांच्या पितळी नळ्या एकदम पुढे जात, एकदम मागे येत. एका सुरावर चौघांनी प्लंजर उचलले, वाद्यांच्या तोंडांवर झाकले, उघडले, आणि सगळा हॉल कुणीतरी गुदगुल्या केल्यासारखा हसला. बोलतात खरे, धाकटीच्या मनात आलं.

पण लंब्याचा आवाज कुठला? तिने जिवाचा कान करून ऐकलं. पहिल्या खुर्चीवरच्या म्हाताऱ्या वादकाचा सूर वर चमकत होता. चौथ्याचा जाडजूड खर्ज पायाखालच्या फळ्या हलवत होता. लंब्याचे गाल फुगत होते, हात धावत होता... ऐकू मात्र काही येत नव्हतं.

कार्यक्रम संपल्यावर तो घाम पुसत खाली आला. डोळ्यांत प्रश्न.

"खरं सांगू?" धाकटी म्हणाली. "तुम्ही वाजवत होतात ना? नक्की?"

तो खो खो हसला. "ऐकू आलो असतो तर बँडमास्तरांनी कान उपटले असते! तिसऱ्या खुर्चीने ऐकू यायचं नसतं. पहिला चाल वाजवतो, चौथा जमीन धरतो. आम्ही मधे भरणा. आम्ही नसलो तर काहीतरी पोकळ लागतं, एवढंच. काय ते कुणाला सांगता येत नाही."

"म्हणजे भिंतीतला पाइप," ती म्हणाली. "दिसत नाही, पण घर त्याच्यावर चालतं."

लंब्या घाम पुसायचा थांबला. तिच्याकडे बघत राहिला. "इतकी वर्षं वाजवतोय," तो हळूच म्हणाला, "आईला समजावता समजावता थकलो मी. तुम्ही एका वाक्यात सांगितलंत."

त्यानंतर तो दुपारी दुकानात यायला लागला, वाद्याची लांबडी पेटी काखेत मारून. बाबांनी ट्रॉम्बोन हातात घेऊन उलटसुलट पाहिला. "दोन बेंड, एक सरकता पाइप आणि पुढे कर्णा. गळत नाही ना?"

"गळतो ना. इथून पाणी काढावं लागतं," लंब्या म्हणाला आणि खालची छोटी चावी दाबून दाखवली. ठिपकाभर पाणी फरशीवर पडलं. बाबा त्या क्षणापासून त्याच्यावर खूश झाले. गळती आहे हे कबूल करणारं गिऱ्हाईक त्यांनी जन्मात पाहिलं नव्हतं.

गोदामात, उभ्या पाइपांच्या रांगांमध्ये, लंब्याने तिला आपला एकट्याचा भाग वाजवून दाखवला. वरची चाल नाही, खालचा खर्ज नाही, नुसता मधला धागा. अर्धवट वाक्यासारखा... कुठूनतरी सुरू होणारा, कुठेही थांबणारा. पण तो वाजायला लागला की आजूबाजूचे पाइप हलकेच गुणगुणायचे. धाकटी स्टुलावर बसून ऐकायची. नंतर ती तो धागा पाइप कापताना गुणगुणायला लागली, वॉशर मोजताना, भाकरी-भाजी विसरून खिडकीत उभी असताना.

तोही बोलायचा. शाळेच्या बँडमध्ये सरांनी ट्रॉम्बोन याच्याच हातात दिला, कारण बाकी कुणाचा हात शेवटच्या जागेपर्यंत पोचत नव्हता. मग मिरवणुकांचे बँड, मग सर्कस. तिथे विदूषक पडला की याने वरून खाली सूर घसरवायचा. "दोन वर्षं मी फक्त पडणाऱ्या माणसांना साथ केली," तो सांगायचा. मग हा मोठा बँड, आणि तिसरी खुर्ची.

"आणि पुढे?"

"पहिली." हे बोलताना त्याचा आवाज एकदम लहान मुलासारखा झाला. "एकदा तरी उभं राहून वाजवायचंय. सगळ्या हॉलने म्हणायला हवं, कोण आहे हा?"

"आणि या वाद्यात सगळ्यात वाईट काय होऊ शकतं?"

"स्लाइड सुटणं." त्याने ती सरकती नळी पुढे, पुढे, अगदी हात पुरेल तिथपर्यंत ढकलली. "ही शेवटची जागा. याच्यापुढे बोटभर गेलं की नळी हातातून निसटते. थेट पुढच्या सॅक्सोफोनवाल्याच्या डोक्यात! आमच्या बँडचा नियम आहे. कुणाची स्लाइड सुटली की समजायचं, समोर कुणीतरी बसलंय. मग खेळ थांबवून सगळे विचारतात, 'कोण?' आणि त्याला माइकवर जाऊन सांगावंच लागतं."

"तुमची सुटली आहे कधी?"

"माझी? माझे हात बघा. सुटायचा प्रश्नच नाही." तो थांबला. नळी हळूहळू मागे घेतली. "...अजून तरी."

त्या रविवारी, हॉलमध्ये, नाचणाऱ्या जोड्यांच्या पलीकडून, चमकणाऱ्या चालीच्या खालून, धाकटीला तो धागा ऐकू आला. तिच्या गोदामातला. तिचा. आधी वाटलं भास आहे, मग तो परत आला आणि तिने खुर्चीची कड घट्ट धरली. एवढ्या गर्दीत, एवढ्या आवाजात, फक्त तिलाच कळत होतं की तो कुठे आहे. एकदा सापडल्यावर तिला दुसरं काही ऐकूच येईना. प्रेमात माणूस कधी पडतो ते सांगता येत नाही म्हणतात. धाकटीला सांगता आलं असतं.

सांगितलं मात्र नाही. त्यानेही नाही. दोघंही हातचं राखून बोलत राहिले, आणि मोसम संपला.

बँडची बस हॉटेलच्या मागच्या दारी उभी होती. काचांवर बारीक पाऊस. वादक पेट्या चढवत होते, एकमेकांवर ओरडत होते. धाकटी छत्री घेऊन आली होती आणि ती उघडायला विसरली होती.

'जाऊ नकोस' हे दोन शब्द तिच्या अगदी ओठांवर होते. पण पहिल्या खुर्चीबद्दल बोलतानाचा त्याचा तो आवाज तिने ऐकला होता. तो आवाज आपणच दाबायचा? तिच्याने होईना.

"रबर उन्हात ठेवू नका," ती म्हणाली. "कडक होतो."

"नाही ठेवणार." त्याने छत्री तिच्या हातातून घेतली, उघडली, परत तिच्या हातात दिली. बोटं तिच्या बोटांवर जरा रेंगाळली... "ऐक. दर रविवारी आमचा कार्यक्रम रेडिओवर लागतो. शेवटी आम्ही तीच संथ धून वाजवतो ना, तिचा शेवटचा सूर सगळे सरळ धरतात. मी खालून येईन. जरासा घसरत, उशिरा, खालून वर. मास्तरांनाही कळणार नाही. तुला कळेल. कळेल ना?"

त्याने पहिल्यांदाच 'तू' म्हटलं होतं, आणि बसचा ड्रायव्हर नेमका तेव्हाच हॉर्न दाबून बसला होता.

"कळेल," ती म्हणाली. "काय समजायचं त्यावरून?"

"समज ना काहीतरी," तो म्हणाला, आणि लाल होऊन बसमध्ये चढला. चढताना डोकं आपटलं, ते वेगळंच.

मग रविवार यायला लागले. दुकानाला सुट्टी असे, तरी धाकटी चारला शटर अर्धं वर करून गल्ल्यावर बसायची, कारण घरातल्या रेडिओपेक्षा दुकानातला चांगला पकडायचा. असं ती सांगायची. बाबा समोर स्टुलावर पेंगायचे. कार्यक्रम सरत यायचा, संथ धून लागायची, आणि धाकटी श्वास धरायची. शेवटचा सूर. सगळे एकदम... आणि त्यांच्या आत, खालून, जरा उशिरा, कुणीतरी दार हळूच लोटून आत यावं तसा तो. झालं. सबंध आठवडा त्यावर जायचा.

"एवढं काय ऐकतेस?" बाबा विचारायचे.

"भिंतीतला पाइप."

"मला तर नुसता गोंगाट ऐकू येतो," बाबा म्हणायचे आणि पुन्हा पेंगायचे.

अधूनमधून त्याचा दुकानात फोन यायचा, कुठल्या कुठल्या गावांहून. फोनवर दोघं हवापाण्याचं बोलायचे. जे बोलायचं ते रविवारी व्हायचं.

आणि एका बुधवारी फोनवर त्याचा आवाज नुसता उड्या मारत होता. पहिल्या खुर्चीवरच्या म्हाताऱ्याचा पुढचा दात पडला होता. ट्रॉम्बोनवाल्याचा पुढचा दात गेला की खेळ संपला, ओठ टेकायचा कशावर? म्हाताऱ्याने जाताना मास्तरांना सांगितलं होतं, तिसऱ्याला बसवा, त्याला सगळ्यांचं ऐकायची सवय आहे. "पहिली खुर्ची! ऐकतेस ना? या रविवारपासून!"

"ऐकतेय," धाकटी म्हणाली. तिला खरंच आनंद झाला होता. फोन ठेवून तिने बाबांना, समोरच्या शिंप्याला, आणि बॉलकॉक न्यायला आलेल्या एका अनोळखी गृहस्थांनाही बातमी सांगितली.

रविवारी त्याने काय वाजवलं म्हणून सांगू! सूर वर, लखलखीत, जिवणीत हसू घेऊन फिरणारा. निवेदकाने त्याचं कौतुक केलं. बाबासुद्धा जागे राहिले. मग संथ धून आली. धाकटीने श्वास धरला.

शेवटचा सूर सरळ लागला. स्वच्छ, नेमका, सगळ्यांच्या वर. खालून कुणी आलं नाही.

ती थांबली. निवेदक बोलायला लागला, मग बातम्या लागल्या, तरी ती थांबली होती.

पुढच्या फोनवर तोच म्हणाला, "ते... शेवटचं. आता नाही जमायचं गं. पहिल्याने सूर सरळ लावायचा असतो. रांगेतले तिघं माझ्या मागे असतात, मी जिथे जाईन तिथे येतात. मी घसरलो तर सगळी रांग घसरेल. रागावलीस?"

"छे. मी कशाला रागावू?" धाकटी म्हणाली. "गिऱ्हाईक आलंय, ठेवते."

गिऱ्हाईक आलं नव्हतं. पुढच्या वेळीही आलं नव्हतं, त्याच्या पुढच्याही. पण ती तेच सांगत राहिली, आणि हळूहळू फोन कमी झाले. चूक तिची होती आणि तिला ती कळत होती, पण मन वळेना. आता त्याला सगळं जग ऐकत होतं. एवढा जवळून ऐकू येत होता तो, इतका स्पष्ट... आणि तिचा असा त्यात काहीच उरला नव्हता. तिसऱ्या खुर्चीवर आता दुसरंच कुणी होतं. ती त्या जागी कान लावून बसायची, जसं माणूस रिकाम्या खोलीचं दार पुन्हा पुन्हा उघडून बघतं. तिला त्याची आठवण यायची. सकाळी शटर उघडताना यायची, दारातला शॉवर हलला की यायची, कुणी 'प्लंजर' म्हटलं की तर डोळेच भरून यायचे. आता प्लंजरसाठी डोळ्यांत पाणी येणारी दुकानदारीण कुणी पाहिली आहे का? गिऱ्हाइकं बिचारी गोंधळून जायची. एक बाई तर म्हणाल्या, "अहो, राहू दे, मी बादलीने भागवीन."

असे काही महिने गेले. एका शनिवारी सकाळी बाबा जुना माल झाडत होते. तारेवरचा एक प्लंजर त्यांनी काढला, अंगठ्याने दाबून पाहिला आणि नाक मुरडलं.

"कडक झाला," ते म्हणाले. "त्याच्याकडचाही एव्हाना झाला असेल."

"कुणाकडचा?" धाकटी वर न बघता म्हणाली.

"कुणाकडचा म्हणे! हे केस काय उन्हात पांढरे झालेत?" बाबांनी नव्या मालातून एक प्लंजर निवडला. दाबला. मग इकडे तिकडे बघून, कुणी पाहत नाही अशी खात्री करून, ओठांसमोर धरला आणि हळूच म्हणाले, "वा... वा..." धाकटी बघतच राहिली. "हा बोलतो वाटतं," ते म्हणाले. स्क्रू काढून त्यांनी दांडा बाजूला ठेवला आणि तो रबर तिच्यापुढे सरकवला. "उद्या रविवार आहे. कुठल्या गावी वाजवणार ते रेडिओवर सांगितलंच आहे. सकाळच्या गाडीने गेलीस तर चारपर्यंत पोचशील."

"बाबा, दुकान—"

"उद्या बंदच असतं. आणि परवा तू नसलीस तर नळ काय बोंब मारणार आहेत?" त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "तुझी आई गेल्यावर तू माझ्याजवळ बसून राहिलीस. मी कधी म्हटलं नाही की जा. म्हणायला हवं होतं. जा."

धाकटीने रबर ओढणीच्या टोकाने पुसला. पुसायची काही गरज नव्हती.

गाडीत समोरच्या आजोबांनी विचारलं, "पोरी, मांडीवर काय घेऊन बसलीस?" ती म्हणाली, "भेटवस्तू." आजोबांनी आपली पिशवी जरा जवळ ओढून घेतली.

तो हॉल तिच्या गावच्या हॉटेलातल्या हॉलच्या चौपट होता. तिला दुसऱ्या रांगेत, अगदी कडेची जागा मिळाली. विसरला असला तर? दुसरं कुणी ऐकणारं मिळालं असलं तर? उठून जावं असं वाटेपर्यंत दिवे लागले.

पहिल्या खुर्चीवर लंब्या. जरा वाळला होता. नव्या कोटाच्या बाह्याही तोकड्याच. तो वाजवायला लागला आणि धाकटी सगळं विसरली. इतका सुंदर वाजवत होता तो! आणि मग मास्तरांनी बोट केलं, लंब्या उभा राहिला. एकटा. ज्या क्षणाची त्याने इतकी वर्षं वाट पाहिली होती तो तिच्यासमोर घडत होता. त्याने डाव्या हाताने प्लंजर उचलला. खालूनसुद्धा तिने ओळखला. तिनेच दांडा काढून दिलेला, आता कडेने चिरलेला, बोलायचं सोडून खोकणारा. तरी त्याने तो बदलला नव्हता.

कुठल्याशा हळव्या सुरावर लंब्याने डोळे उघडले. समोर पाहिलं. कडेला पाहिलं.

त्याचा हात पुढे जात होता. शेवटच्या जागेपर्यंत गेला... आणि थांबलाच नाही.

खण्ण!

स्लाइड हातातून सुटली, सॅक्सोफोनवाल्याच्या खांद्यावरून उडाली, स्टेजवर दोनदा आपटली आणि घरंगळत घरंगळत कडेवरून खाली. लंब्या अर्धं वाद्य हातात घेऊन उभा. मास्तरांचा चेहरा बघवत नव्हता. मग मागून ड्रमवाल्याने हळूच काठ्या फिरवायला सुरुवात केली, आणि सगळा बँड एका सुरात ओरडला —

"कोण?"

मास्तरांनी आधी डोळे वटारले. मग एक लांब श्वास सोडला. "नियम म्हणजे नियम," ते म्हणाले आणि माइककडे बोट केलं.

तोवर धाकटी उठली होती. लोक तिच्याकडे बघत होते, तिला दिसत नव्हते. तिने खाली वाकून स्लाइड उचलली, सवयीने डोळ्यासमोर आडवी धरून एका टोकाकडून दुसऱ्या टोकापर्यंत नजर फिरवली आणि स्टेजच्या कडेशी जाऊन वर केली.

"वाकली नाहीये," ती म्हणाली.

लंब्या गुडघ्यांवर बसला. त्याने स्लाइड घेतली नाही, तिचा हातच धरला. नियमाप्रमाणे माइक जवळ आणून दिला गेला होता, म्हणून पुढचं सगळं सगळ्यांनी ऐकलं.

"मंडळी," तो म्हणाला, "मी तिसऱ्या खुर्चीवर होतो तेव्हा मला या जगात एकच माणूस ऐकत होतं. पहिल्या खुर्चीवर आलो, आणि तेवढंच एक माणूस ऐकेनासं झालं. ती... ती आली आहे." तो तिच्याकडे वळला, माइक विसरला. "मी रोज वाट बघतोय गं. तुझ्या दुकानात सारखी गिऱ्हाइकं कुठून येतात?"

"एकही येत नव्हतं," धाकटी रडत, हसत म्हणाली. "खोटं सांगत होते मी. माझं प्रेम आहे तुझ्यावर. आणि रबर आणलाय नवा."

तिने पर्समधून प्लंजर काढला. हॉलमध्ये असा काही हशा आणि टाळ्या पिकल्या की ड्रमवाल्याच्या काठ्याही ऐकू येईनात.

कार्यक्रम संपत आला. संथ धून सुरू झाली. धाकटीला आता स्टेजच्या अगदी खाली खुर्ची दिली होती. ती कशाचीच वाट बघत नव्हती. समोर तो होता, तिला पुरे होतं. शेवटचा सूर आला. मास्तरांचा हात वर गेला.

आणि लंब्या खालून आला. पहिल्या खुर्चीवरून, भर उजेडात, जरा उशिरा, घसरत, खालून वर. रांगेतले तिघं त्याच्या मागे होते, तो जाईल तिथे जाणारे. ते तिघंही खालून आले. चारही स्लाइड एकदम मागे सरकल्या आणि सगळी रांगच्या रांग हळूच दार लोटून आत आली. मास्तरांनी हात वरच ठेवला. तो सूर त्यांनी नेहमीपेक्षा जास्त वेळ धरून ठेवला.

नंतर हॉलच्या ऑफिसातून तिने दुकानात फोन लावला. लंब्या शेजारी उभा होता, तिच्या दुसऱ्या हाताचा ताबा न सोडता. पहिल्याच घंटेला फोन उचलला गेला. म्हणजे बाबा गल्ल्यावरच बसून होते.

"बाबा—"

"मधेच ते काय पडलं?"

"त्याची स्लाइड."

"वाकली का?"

"नाही. मी बघितली."

"हं. माइक चालू होता, कळलं ना? समोरचा शिंपी आत येऊन बसलाय, डोळे पुसतोय नुसता. मोसमात बँड इकडे आला की त्याला म्हणावं, पुढच्या दाराने ये. मागचं गोदाम ट्रॉम्बोनसाठी मोकळं करतो." तारेवर रेडिओ बंद केल्याची खट ऐकू आली.

"आणि पोरी... तो शेवटचा सूर. खालून आलेला. आज तो मलासुद्धा ऐकू आला गं."